शिंप्याची जागा

देवळाच्या मागच्या गल्लीत मास्तरचं शिवणाचं दुकान होतं. दुकान कसलं, एक लांबट खोली. दोन मशीन, कापणीचं टेबल आणि भिंतीला लावलेला एक आरसा, ज्यात माणूस होता त्यापेक्षा जरा सडपातळ दिसायचा. "आरसा बदल की रे," असं कुणी म्हटलं की मास्तर म्हणायचा, "अर्धं गिऱ्हाईक त्याच्यावरच टिकलंय."

गल्लीतल्या लोकांचे कपडे तो शिवायचाच, पण त्याचं नाव होतं ते देवाच्या कपड्यांसाठी. देवळाच्या जुन्या शिंप्याची नजर गेली तेव्हा देवळाचा कारभारी दुकानादुकानांतून फिरला होता. कुणाला जमेना. गोम अशी की दगडाची मूर्ती हात वर करत नाही. माणसाच्या अंगात बाही चढवता येते, देवाच्या नाही. त्यामुळं बाही खालून उभी उघडी ठेवायची, पाठ उघडी ठेवायची, जागोजाग बंद लावायचे, आणि तरीही समोरून बघणाऱ्याला वाटलं पाहिजे की देवानं सकाळी उठून अंगरखा आपल्या हातानं चढवलाय. मास्तरनं ते पहिल्याच खेपेला जमवलं. तेव्हापासून रोजचे, सणाचे, थंडीचे, सगळे कपडे त्याच्याकडंच आले.

मास्तर जन्मानं हिंदू नव्हता. हे सगळ्यांना ठाऊक होतं आणि कुणाची हरकत नव्हती. काम बाहेरचं होतं. कापड आत जायचं, माणूस बाहेर राहायचा. मापं घ्यायला त्याला गाभाऱ्यात जाता यायचं नाही, म्हणून कारभारीच एक दोरी घेऊन यायचा. पुजारीबुवांकडून मापून घेतलेली, खांद्याची एक गाठ, कमरेची एक, पायाची एक. दोरी टेबलावर टाकायची, आणि समोरच्या टपरीवाल्याला दोन बोटं दाखवायची. दोन चहा यायचे.

"देवाचं एक बरं आहे," मास्तर म्हणायचा, "पोट सुटत नाही."

"आणि घट्ट झालं म्हणून भांडायलाही येत नाही," कारभारी म्हणायचा.

वर्षानुवर्षं हाच विनोद, आणि दर वेळी दोघंही हसायचे. कारभाऱ्याच्या दोन्ही मुलींची पहिली झबली मास्तरनंच शिवली. कारभाऱ्याची बायको दवाखान्यात होती तेव्हा तिला डबा गेला तो मास्तरच्या घरून. अरे-तुरेची दोस्ती. गल्लीतले लोक म्हणायचे, या दोघांना एका मापात कापलंय.

मग देवळाची समिती बदलली. नव्या अध्यक्षांनी ठरवलं की देवाचं काही बाहेर शिवायचं नाही. आवारातच एक खोली द्यायची, पगारी शिंपी ठेवायचा, मागं राहायला जागा द्यायची. तयार कपड्यांच्या दुकानांनी गल्लीतलं गिऱ्हाईक आधीच पळवलं होतं. हातात देव तेवढा उरला होता, आणि आता तोही निघाला.

"जागा तुझीच आहे," कारभारी म्हणाला. त्या दिवशी त्यानं दोरी आणली नव्हती. "तुझ्याशिवाय ते काम करणार कोण? फक्त एक अडचण आहे. बाहेर कुणीही शिवलं तर चालतं, पण देवळाचा नोकर हिंदू पाहिजे. नियम आहे."

"मग झालंच की."

"झालं कसं? तू होऊ शकतोस. एका सकाळचं काम. बुवांशी मी बोललोय."

मास्तर खडूशी खेळत राहिला. "लोक काय म्हणतील?"

"लोक दोन दिवस बोलतील, तिसऱ्या दिवशी त्यांना दुसरं काहीतरी मिळेल. आणि तू काय परका आहेस का? अर्धं आयुष्य देवाचीच शिलाई केलीस. समितीचं मी बघतो. मी आहे ना!"

हे "मी आहे ना" कारभारी नेहमी म्हणायचा, आणि तोवर ते कधी खोटं पडलं नव्हतं.

मास्तरनं घरी सांगितलं तेव्हा बायको धुणं वाळत घालत होती. तिनं चादर झटकली, दोरीवर सरळ केली, चिमटे लावले आणि मगच बोलली. "तुम्हाला पटत असेल तर करा. मी जिथं आहे तिथंच राहते. तुम्ही कुठल्याही देवाकडं गेलात तरी जेवायला घरीच येणार ना?"

अक्का मात्र इतक्या सहज सोडणारी नव्हती. अक्का म्हणजे त्याची थोरली बहीण. आई लवकर गेली, तेव्हा हिनंच त्याला वाढवलं, शिवणकाम शिकायला घातलं, पहिलं मशीन घेताना हातातल्या बांगड्या उतरवून दिल्या. दर आठवड्याला प्रार्थना आटोपली की ती त्याच्या दुकानात येऊन बसायची, घरच्यांच्या उखाळ्यापाखाळ्या काढायची आणि जाताना उरलेल्या चिंध्या गोधडीसाठी घेऊन जायची. त्या दिवशी तिनं सगळं ऐकून घेतलं.

"तुला तिकडचा देव खरंच खरा वाटतो का?" तिनं विचारलं. "तसं असेल तर माझं तोंड बंद. माणसाचं मन कुठंही जाऊ शकतं."

मास्तरनं पगाराचं सांगितलं, खोलीचं सांगितलं.

"एका देवाला फसवणं अवघड म्हणतात," अक्का उठत म्हणाली. "तू तर एकदम दोघांना फसवायला निघालास."

चिंध्यांची पिशवी तिथंच राहिली.

समारंभ सकाळी देवळाच्या बाजूच्या दालनात झाला. सात-आठ माणसं होती. मंत्र झाले, पाणी शिंपडलं, नवं नाव ठेवलं. ते नाव मास्तरला दोनदा विचारून घ्यावं लागलं, तेव्हा सगळे हसले आणि वातावरण सैल झालं. सबंध वेळ कारभारी त्याच्या खांद्याशी उभा होता. शेवटी त्यानं मास्तरला मिठी मारली आणि म्हणाला, "आता तू पक्का माझा भाऊ." त्याचे डोळे ओले होते, आणि ते पाणी खोटं नव्हतं. पुढं इतकं सगळं झालं तरी मास्तर हे कधी नाकारत नसे. त्यामुळंच तर त्याला कोडं सुटायचं नाही.

देवळाच्या आवारातली खोली चांगली होती. उत्तरेला मोठी खिडकी, त्यामुळं दिवसभर सारखा उजेड. मास्तरनं आपलं जुनं मशीन तिथं नेलं. पक्की नेमणूक समितीच्या पुढच्या बैठकीत होणार होती, तोवर हंगामी. एके दिवशी नवीन अंगरख्यासाठी मापं हवी होती. त्यानं सवयीनं दोरी पुजारीबुवांसमोर धरली. बुवा म्हातारे, कमी बोलणारे. ते म्हणाले, "आता दोरी कशाला? आंघोळ करून ये आणि तूच माप घे."

मास्तर पहिल्यांदा गाभाऱ्यात गेला. आजवर देव त्यानं पाहिला होता तो तीन गाठींमध्ये. आता तो हातभर अंतरावर होता. मास्तरनं टेप लावला आणि त्याच्या लक्षात आलं की देवाचा डावा खांदा उजव्याहून बोटभर उतरता आहे. दगड झिजला होता. दोरीत एकच खांदा यायचा. म्हणजे इतकी वर्षं डावीकडं कापड झोळत होतं, आणि देवानं काही न बोलता ते घालून घेतलं होतं. मास्तरनं माप पुन्हा घेतलं, तिसऱ्यांदा घेतलं, कारण हात निघत नव्हता.

संध्याकाळी जेवताना तो बायकोला म्हणाला, "अक्काला सांग, मी कुणाला फसवलेलं नाही. आधी माहीत नव्हतं. आज कळलं."

बायकोनं सांगितलं असेल-नसेल. अक्का काही आली नाही. एकदा ती रस्त्यात समोरून आली. तिच्या अंगात नवीन ब्लाउज होता, आणि पाठीवर तो तिरपा ओढला जात होता. दुसऱ्या कुणाकडून तरी शिवून घेतला होता. मास्तरला ती एक चुणी दिवसभर डोळ्यांसमोरून हलेना.

इकडं गावात कुजबूज सुरू झाली होती, आणि दोन्हीकडून. त्याच्या जुन्या मंडळींपैकी काही जण म्हणू लागले, देवळानं नोकरीचं गाजर दाखवून आमचा माणूस ओढला, याची तक्रार व्हायला पाहिजे. देवळाच्या नेहमीच्या भक्तांपैकी काही जण म्हणू लागले, कालपरवा आलेल्याचे हात देवाच्या अंगाला लागतात, हे कसं चालतं? एरवी ज्यांचं आपसात पटत नव्हतं, त्यांचं मास्तरच्या बाबतीत एकमत झालं. कारभाऱ्याचं चहाला येणं कमी झालं. "बैठकीची गडबड आहे रे," तो म्हणायचा आणि दारातूनच जायचा.

बैठकीच्या दिवशी मास्तरला बोलावणं आलं. त्यानं इस्त्रीचा सदरा घातला. लांब टेबलाच्या टोकाला अध्यक्ष, दोन्ही बाजूंना सभासद आणि अध्यक्षांच्या उजव्या हाताला कारभारी. अध्यक्ष सभ्य माणूस. त्यांनी मास्तरला खुर्ची दिली.

"तुमच्या कामाबद्दल तक्रार नाही," ते म्हणाले. "प्रश्न नेमणुकीचा आहे."

"नियमात हिंदू एवढंच म्हटलंय," सभासदांपैकी एक वकील होते, ते म्हणाले. "जन्मानं, असं नाही. हे गृहस्थ आज हिंदू आहेत. म्हणजे पात्र आहेत. मला यात प्रश्नच दिसत नाही."

मास्तरला हायसं वाटलं. त्यानं कारभाऱ्याकडं पाहिलं. कारभारी चष्मा पुसत होता.

"कागदावर ठीक आहे," अध्यक्ष म्हणाले. "पण उद्या कुणी म्हणालं की देवळानं आमिष दाखवून धर्म बदलायला लावला, तर आपण काय सांगायचं?" ते मास्तरकडं वळले. "तुम्हीच सांगा. का बदललात?"

"मनापासून," मास्तर म्हणाला.

"ही जागा नसती तर बदलला असता?"

मास्तरला गाभाऱ्यातला तो झिजलेला खांदा आठवला. पण ते सांगायचं कसं? आधी बदलला आणि मग मन बसलं, हे खरं होतं, आणि बोलायला गेलं तर खोट्यासारखं वाटणार होतं.

"कारभाऱ्यांना विचारा," तो म्हणाला. "सुरुवातीपासून त्यांना सगळं ठाऊक आहे."

सगळ्यांच्या माना तिकडं वळल्या. कारभाऱ्यानं चष्मा डोळ्यांवर चढवला.

"मला काय ठाऊक असणार?" तो म्हणाला. "हे माझ्याकडं आले, मला तुमच्यात यायचंय म्हणाले. मी बुवांची गाठ घालून दिली. येणाऱ्याला नाही कसं म्हणायचं?"

"नोकरीचं बोलणं झालं होतं?" वकिलांनी विचारलं.

"माझ्याकडून नाही. जागा निघणार हे गावाला माहीत होतं, तसं यांनाही असेल." मग, कुणी काही विचारलेलं नसताना, त्यानं मास्तरकडं बघून म्हटलं, "तुम्ही राग मानू नका. पण जो माणूस आपला जन्माचा देव नोकरीसाठी सोडतो, तो आमचा किती दिवस धरणार?"

मास्तरला आधी ऐकू आलं ते "तुम्ही". इतक्या वर्षांत कारभाऱ्यानं त्याला कधी अहो-जाहो केलं नव्हतं. बाकीचं वाक्य पोचायला जरा वेळ लागला.

त्यानं प्रतिवाद केला नाही. लोकांनी पुढं त्याला खूप नावं ठेवली, की तोंडात मारल्यासारखा का गप्प बसलास, सगळं धडाधडा का नाही ओकलास? पण त्या क्षणी त्याला शब्दच सुचला नाही. तो कारभाऱ्याच्या तोंडाकडं बघत होता, अनोळखी गल्लीत शिरल्यावर माणूस घरांकडं बघतो तसा.

वकिलांनी थोडा वाद घातला, मग घड्याळ बघितलं. ठरलं असं की वाद अंगावर घ्यायला नको, जागाच भरायची नाही. देवाचे कपडे शहरातल्या एका मोठ्या कारखान्यातून तयार मागवायचे. त्या कारखान्यात कोण कापतं, कोण शिवतं, कुठल्या धर्माचे हात लागतात, हे कुणी विचारलं नाही. कापड बाहेरून येणार होतं, माणसं बाहेरच राहणार होती. मास्तरला मशीन परत न्यायला हातगाडी तेवढी देवळानं दिली.

दुसऱ्या दिवशी त्यानं कारभाऱ्याला देवळाच्या मागच्या दारात गाठलं. कारभाऱ्यानं इकडंतिकडं पाहिलं आणि त्याला भिंतीच्या कडेला घेतलं.

"मास्तर, समजून घे," तो म्हणाला. पुन्हा अरे-तुरे आलं होतं. "माझ्यावर शेकत होतं रे. मीच तुला भरीला घातलं असं निघालं असतं तर माझी नोकरी गेली असती. दोन मुली लग्नाच्या आहेत. मीही नोकरच आहे."

"कळतं मला," मास्तर म्हणाला. "मला काही ठाऊक नाही म्हणालास, ते मी समजू शकतो. भ्यालास. माणूस भितो. पण ते शेवटचं वाक्य? ते तुला कुणी विचारलं होतं?"

कारभाऱ्यानं दाराच्या कडीला हात घातला.

"तेवढं सांग. ते आधीपासून तुझ्या मनात होतं, की तिथं बसल्याबसल्या सुचलं? मला मिठी मारलीस तेव्हा होतं?"

"तू फार खोलात जातोस," कारभारी म्हणाला आणि दार लोटून आत गेला.

जुन्या मंडळींना कळायला वेळ लागला नाही. त्यांच्यातले दोन वडीलधारे दुकानात आले, बरं वाटेल असंच बोलले. झालं ते झालं म्हणाले. परत ये. फक्त सगळ्यांसमोर उभा राहून सांग, की मी लोभानं गेलो होतो, ते खोटं होतं.

"ते सांगता येणार नाही," मास्तर म्हणाला.

"का? खरंच तर आहे."

"लोभानं गेलो, हे सांगेन. खोटं होतं, हे नाही सांगता येणार."

वडीलधारे एकमेकांकडं बघत उठले. बाहेर पडल्यावर त्यांनी सांगितलं की मास्तर अजून तिकडचाच आहे. तिकडं तर तो कुणाचाच नव्हता. देवळात दर्शनाला जायला त्याला मनाई नव्हती, पण त्याचं पाऊल उचलत नव्हतं. धोब्याचा कुत्रा ना घरचा ना घाटचा, असं टपरीवाला त्याच्या पाठीमागं म्हणाला, आणि मास्तरनं ते ऐकलं. चहा मात्र त्यानं तिथंच घेतला. दुसरी टपरी लांब होती.

दुकान काही महिने रडतखडत चाललं. पँटची उंची कमी करणं, चेन बदलणं, पडद्यांना दुमड घालणं. मग बायकोच्या ओळखीनं त्याला दवाखान्याच्या कपडेखान्यात काम मिळालं. तळमजल्यावरची खोली, वाफेचा नि साबणाचा वास, फाटलेल्या चादरींचे ढीग आणि रुग्णांचे हिरवे गाऊन. ते गाऊनही पाठीत उघडे आणि बंद बांधायचे, कारण पडलेल्या माणसालाही हात वर करता येत नाहीत. पहिल्या दिवशी तो गाऊन हातात घेऊन मास्तर नुसताच बसून राहिला होता, असं तिथली परिटीण सांगते. मग त्यानं बंद उसवले आणि नीट जागी लावले.

कपडेखान्याचा मुकादम भला माणूस होता. महिन्याभरात त्यानं मास्तरच्या पाठीवर थाप मारली. "तुझं काम झकास आहे. कायम करून घेऊ. मी आहे ना!"

मास्तरच्या हातातून कात्री सटकली. मुकादमाला वाटलं, आनंदानं.

तो खरंच कायम झाला. मुकादमानं शब्द पाळला. तरी हुकूम हातात पडेपर्यंत मास्तरनं घरी एक अक्षर काढलं नाही, आणि पडल्यावरही दोन दिवस बायकोला सांगितलं नाही. तिला ते दुसऱ्याकडून कळलं. ती चिडली, मग रडली. "माझ्यावरसुद्धा नाही का विश्वास?" म्हणाली. कारभाऱ्यानं आपलं काय काय नेलं, ते मास्तरच्या अशा वेळी एकेक करून ध्यानात यायचं.

अक्का आली ती अचानक. दवाखान्यात डोळे तपासायला आली होती आणि कुणाला तरी विचारत विचारत तळमजल्यावर उतरली. चादरींच्या ढिगाआड बसलेल्या भावाकडं बघून म्हणाली, "केवढा वाळलास! रविवारी जेवायला ये. प्रार्थनेचं मी काही बोलणार नाही."

तो गेला. बायकोही होती. पानं वाढली. अक्कानं सवयीनं डोळे मिटले, तिच्या सुनेनं मिटले, मास्तरच्या बायकोनं मिटले. मास्तरनं मिटले नाहीत. हातांचं काय करावं हे न कळून त्यानं ते मांडीवर ठेवले. अक्कानं एक डोळा किलकिला करून ते पाहिलं आणि प्रार्थना अर्ध्यावर आटोपती घेतली.

जेवण चाललं असताना तिनं विचारलं, "तो भेटतो का?"

"दिसतो."

"बोलतो?"

"बोलायला येतो. मी रस्ता ओलांडतो."

"अजून राग आहे तुला?"

मास्तरनं घास खाली ठेवला. "राग असता तर एव्हाना गेला असता, अक्का."

अक्कानं त्याच्या ताटात आणखी वाढलं, आणि तो खाली मान घालून जेवू लागला.